कोंड्याचा मांडा

‘कोंड्याचा मांडा करणें’ हा वाक्प्रचार मराठी घरांत जुना आहे. हातीं असलेल्या साध्या, किंबहुना टाकाऊ मानलेल्या वस्तूंतून जी गृहिणी चांगला पदार्थ उभा करते, तिच्या कौशल्याचें त्यांत कौतुक आहे. अलीकडे हा वाक्प्रचार अक्षरशः खरा करून दाखविण्याचा प्रसंग शहरांतील पुष्कळ घरांवर येऊं लागला आहे. विजेची भट्टी स्वयंपाकघरांत आली. मैद्यापेक्षां सबंध गव्हाचा पाव प्रकृतीला हितकर, हें सर्वांनीं वाचलें. आणि मग असा पाव घरींच भाजावा, अशी हौस उत्पन्न झाली. परंतु पहिला पाव भट्टींतून बाहेर येतांच बहुधा निराशा पदरीं पडते. पाव फुगलेला नसतो, सुरी त्यांत नीट चालत नाहीं आणि घांस घशाशीं अडतो. घरची मंडळी पहिला तुकडा कौतुकानें खातात, दुसऱ्याला हात लावीत नाहींत, आणि दोन दिवसांनीं बाजारचा पांढरा पाव पुन्हां घरांत येतो.

यांत नुकसान केवळ एका पावाचें होत नाहीं. गव्हाच्या दाण्यांत सुमारें ८३ टक्के पिठाळ गर, १४ टक्के कोंडा आणि २ ते ३ टक्के अंकुर असतो. ब-वर्गांतील जीवनसत्त्वें, लोहादि क्षार आणि पोट साफ ठेवणारे तंतू यांचा मोठा वांटा त्या कोंड्यांत व अंकुरांत सांठविलेला असतो. मैदा करतांना नेमका तोच भाग वेगळा काढला जातो. म्हणजे सबंध गव्हाचा पाव नावडता झाला कीं त्याबरोबर हें सर्व पोषणही घरांतून परत जातें. दुसऱ्या महायुद्धांत ब्रिटनला हा अनुभव मोठ्या प्रमाणावर आला. परदेशांतून धान्य आणणाऱ्या जहाजांतील जागा वांचावी म्हणून तेथील सरकारनें १९४२ सालीं ‘नॅशनल लोफ’ नांवाचा पाव सुरू केला. त्याच्या पिठांत गव्हाचा ८५ टक्के भाग ठेवलेला असे. पाव पौष्टिक होता. परंतु त्याचा करडा रंग व जडपणा लोकांना रुचला नाहीं. १९५६ सालीं तो बंद झाला. अन्न कितीही गुणकारी असलें तरी तें आवडीनें खाल्लें गेलें पाहिजे. ताटांत उरलेल्या गुणांचा देहाला उपयोग नाहीं.

जडपणावर उपाय म्हणून पाण्याऐवजीं बिअर घालून कणीक भिजवावी, असा सल्ला हल्लीं वारंवार ऐकूं येतो. बिअरमध्यें बुडबुडे असतात, ते पावांत शिरतात आणि पाव हलका होतो, अशी त्यामागील समजूत असते. ही समजूत सर्वस्वीं खोटी नाहीं. पण ती जुन्या काळची आहे. इसवी सन ७९ मध्यें व्हेसुव्हियसच्या उद्रेकांत मरण पावलेला रोमन ग्रंथकार प्लिनी यानें आपल्या ‘निसर्गेतिहास’ या ग्रंथांत अशी नोंद केली आहे कीं, गॉल व स्पेन या देशांतील लोक धान्याचें मद्य करतात, त्यावर जमणारा दाट फेंस पिठांत विरजण म्हणून घालतात, आणि म्हणूनच त्यांचा पाव इतरांच्या पावापेक्षां हलका असतो. त्या फेंसांत काय आहे, हें प्लिनीला ठाऊक नव्हतें. पण फरक त्याच्या नजरेंतून सुटला नाहीं.

याच फेंसावरून पुढें पॅरिस शहरांत मोठा वाद माजला. सतराव्या शतकांत तेथील भटारी नाजुक, मऊ पावासाठीं बिअरचें किण्व वापरूं लागले. तें आरोग्यास अपायकारक आहे, असा कौल १६६८ सालीं तेथील वैद्यकविद्यापीठाच्या बहुसंख्य पंडितांनीं दिला. शेवटीं १६७० सालीं पॅरिसच्या वरिष्ठ न्यायालयानें, किण्व ताजें व शहरांतीलच असावें अशी अट घालून, त्याला परवानगी दिली. खाणाऱ्यांनीं आपला निकाल बहुधा त्याआधींच दिलेला होता.

किण्व हा सजीव पदार्थ आहे, साखर खाऊन तो मद्यार्क व कर्बवायु निर्माण करतो, हें एकोणिसाव्या शतकांत शास्त्रज्ञांनीं दाखवून दिलें. लुई पाश्चर यानें तर १८७६ सालीं बिअरवर स्वतंत्र ग्रंथच लिहिला. पावाच्या व बिअरच्या किण्वाला वनस्पतिशास्त्रज्ञांनीं दिलेल्या ‘सॅकरोमायसीस सेरेव्हिसी’ या नांवांतील दुसरा शब्द बिअरच्याच लॅटिन नांवावरून आलेला आहे. इतकें या दोहोंचें नातें जवळचें.

आतां मुख्य गोष्ट अशी कीं, आज बाजारांत मिळणाऱ्या बहुतेक बाटल्यांत हें जिवंत किण्व उरलेलें नसतें. बिअर टिकावी म्हणून ती गाळतात, पुष्कळदां तापवितातही. प्लिनीनें पाहिलेला फेंस जिवंत होता; आजची बाटली बहुधा निर्जीव आहे. तिच्यांत राहतो तो केवळ दाबून भरलेला कर्बवायु, आणि तो कणीक मळतां मळतां उडून जातो. नुसत्या बिअरच्या भरंवशावर पाव फुगविण्याचा प्रयत्न म्हणजे विरजणावांचून दहीं लागण्याची वाट पाहणेंच होय. बेकिंग पावडर घालून बिअरचा पाव अर्ध्या तासांत कालवून भट्टींत ठेवण्याची एक झटपट रीतही आहे. मैद्याच्या बाबतींत ती बरी साधते. सबंध गव्हाच्या बाबतींत मात्र तिनें बहुधा विटेसारखा पाव निघतो.

असें कां व्हावें? गव्हाचें पीठ भिजवून मळलें कीं त्यांतील प्रथिनांपासून ग्लुटेन नांवाचें चिवट, ताणलें जाणारें द्रव्य बनतें. त्याच्या पातळ पडद्यांत वायु कोंडला जातो, आणि पाव फुगतो. सबंध पिठांतील कोंड्याचे कण कोरडे व धारदार असतात. ते हे पडदे जागोजागीं फाडतात. शिवाय कोंडा पाणी पितो, पण सावकाश पितो. मळतांना कणीक सैल वाटते म्हणून गृहिणी वरून पीठ घालते. तासाभरानें कोंड्यानें पाणी शोषून घेतलेलें असतें आणि तीच कणीक घट्ट गोळा होऊन बसते. पोळीची कणीक भिजवून कांहीं वेळ झांकून ठेवण्याची आपल्याकडील रीत याच ज्ञानावर उभी आहे. पावाच्या कणकेला हा विसावा अधिक हवा. तेव्हां कोंडा टाकावयाचा नाहीं, त्याला आधीं मऊ करावयाचें, हें या पावाचें सर्व रहस्य आहे.

कृति पुढीलप्रमाणें करावी. चक्कीचें गव्हाचें पीठ ५०० ग्रॅम घेऊन बारीक चाळणीनें चाळावें. वर राहिलेला कोंडा वाटींत काढावा. सौम्य चवीची ३३० मिलीलिटर बिअर मोठ्या पातेल्यांत ओतून तिचा फेंस बसूं द्यावा. नंतर तींतील सुमारें १२० मिलीलिटर बिअर मंद आंचेवर तापवून कोंड्यावर ओतावी आणि तो निवेपर्यंत झांकून ठेवावा. उरलेली बिअर, ४० मिलीलिटर पाणी व २० ग्रॅम चिरलेला गूळ एकत्र करून गूळ विरघळूं द्यावा. त्यांत चाळलेलें पीठ व निवालेला कोंडा घालून सर्व नुसतें कालवावें आणि पाऊण तास झांकून ठेवावें. या पाऊण तासांत हातानें कांहीं करावयाचें नसलें तरी पिठांत पुष्कळ कांहीं घडत असतें. ग्लुटेन आपोआप जुळूं लागतें आणि कोंडा आपलें पाणी पिऊन तृप्त होतो.

नंतर ५ ग्रॅम कोरडें यीस्ट ३० मिलीलिटर कोमट पाण्यांत विरघळवून घालावें. पाणी बोटाला ऊन लागेल इतकें तापवूं नये; फार उष्णतेनें यीस्ट मरतें. मग ९ ग्रॅम मीठ व शेवटीं २५ ग्रॅम लोणी घालून दहा-बारा मिनिटें चांगलें तिंबावें. कणीक आरंभीं हाताला चिकटेल. तिला वरून पीठ लावण्याचा मोह आवरावा. हातालाच थोडें पाणी किंवा तेल लावावें. कणकेचा छोटा गोळा दोन्ही हातांनीं ताणला असतां न फाटतां पातळ पडद्यासारखा पसरूं लागला, म्हणजे तिंबणें पुरें झालें.

यानंतर कणीक उबेला ठेवावी. मुंबईच्या हवेंत तास-सव्वा तास पुरतो. पुण्यानाशकाकडे थंडीच्या दिवसांत अधिक वेळ लागतो. बिअरमधील मद्यार्कामुळें यीस्टचें काम किंचित् मंदावतें, हेंही ध्यानांत घ्यावें. आंबोळीचें पीठ आलें कीं नाहीं, हें गृहिणी घड्याळाकडे पाहून ठरवीत नाहीं, पिठाकडे पाहून ठरविते. तोच न्याय येथें लावावा. कणीक दुप्पट होण्याच्या थोडें आधींच पुढचें काम हातीं घ्यावें. सबंध गव्हाचे पडदे दुबळे असतात. त्यांना फार ताणूं दिलें तर ते फाटून पाव खालीं बसतो. कणीक हलकेच दाबून, वळकटी करून, सुमारें नऊ इंच लांबीच्या तूप लावलेल्या साच्यांत ठेवावी आणि ती साच्याच्या कांठाशीं येईपर्यंत पुन्हां फुगूं द्यावी. बोटानें दाबलेला खळगा सावकाश भरूं लागला, म्हणजे भट्टींत घालण्याची वेळ झाली.

भट्टी २०० अंश सेल्सिअसवर आधीं पुरती तापलेली असावी. पहिलीं पंधरा मिनिटें तेंच तापमान ठेवून नंतर १८० अंशांवर आणखी पंचवीस मिनिटें भाजावें. बाहेर काढलेल्या पावाच्या तळावर टिचकी मारली असतां पोकळ नाद यावा. यापुढची परीक्षा सर्वांत कठीण, कारण घरभर खमंग वास सुटलेला असतो. तरी पाव जाळीवर पूर्ण निवेपर्यंत कापूं नये. ऊन पावाचा गाभा ओलसर असतो; तो सुरीखालीं चेंगरतो, आणि मग इतका खटाटोप करूनही पाव जडच झाला, असा चुकीचा ग्रह होतो.

मग या सर्व खटाटोपांत बिअरनें केलें काय? तिनें चव दिली. मोड आणून भाजलेल्या जवांचा खमंगपणा, कवचाला येणारा तांबूस रंग आणि गव्हाच्या किंचित् तुरटपणाला झांकणारा मंद गोडवा, हें तिचें खरें देणें. हॉप्स नांवाच्या फुलांमुळें बिअरला कडवटपणा येतो, आणि तो भाजल्यानेंही जात नाहीं. म्हणून फार कडू बिअर घेऊं नये.

येथें एक गोष्ट स्पष्टपणें सांगणें अवश्य आहे. भट्टींत मद्यार्क सर्वच्या सर्व उडून जातो, ही समजूत बरोबर नाहीं. त्याचा बराच भाग जातो, थोडा अंश राहूं शकतो. ज्यांना धर्मानें, व्रतानें किंवा वैद्याच्या सांगण्यावरून मद्य वर्ज्य आहे, त्यांच्या पानांत हा पाव न सांगतां वाढणें हा विश्वासघात होईल. अशा घरीं बिअरऐवजीं तितकेंच पाणी आणि दोन चमचे खमंग भाजलेलें जवाचें पीठ घालावें. चवींत फरक पडेल. हलकेपणांत पडणार नाहीं. कारण हलकेपणा बाटलींतून आलेलाच नव्हता.

गोव्यांत हेंच तत्त्व फार पूर्वींपासून नांदत आले आहे. पोर्तुगीजांनीं तेथें पाव आणला, पण त्यांचें किण्व त्या भूमींत मिळेना. तेव्हां माडाची ताजी सूर पिठांत घालून पाव फुगविण्याची युक्ति निघाली. गॉलमधल्या फेंसाचें काम तेथें माडानें केलें, कारण सूरही जिवंत होती. कोंड्यासह केलेली तेथील पोई आंतून पोकळ व हलकी असते, आणि ती पथ्य म्हणून नव्हे, आवडीनें खाल्ली जाते.

ज्या घरीं हा पाव प्रथमच होत असेल, त्यांनीं पिठाचा चौथा हिस्सा मैदा घेण्यास हरकत नाहीं. हात बसला कीं तो आठवड्या-आठवड्यानें कमी करीत जावा. जिभेला एकदम शिस्त लावूं गेल्यास ती बंड करते. हळूहळू वळविली तर मुकाट्यानें वळते. आणि एखाद्या सकाळीं मुलांनीं आपण होऊन दुसरा तुकडा मागून घेतला, तर समजावें कीं कोंडा आतां घरांत कायमचा राहावयास आला आहे.