कारखान्यात मत कुणाचे?



कापूस-ज्वारीवाल्यांच्या बैठकीत कारखान्यातल्या कामगाराचा विषय कशाला, असे काहींनी विचारले. विचारणे रास्त आहे. पण माल कुणाचा, घाम कुणाचा आणि निर्णय कुणाचा, हे कोडे आपल्यालाही सुटलेले नाही.

मुंबईत कुर्ल्याला कमानी ट्यूब्ज हा तांब्या-पितळेच्या नळ्यांचा कारखाना होता. मालकांच्या घरात भाऊबंदकी लागली आणि १९८५ साली तो बंद पडला. आपल्याकडे भांडणात विहीर पडून राहते, तसेच. कामगारांनी नुसती भरपाई मागितली नाही, कारखानाच मागितला. सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. १९८८ साली कारखाना त्यांच्या सहकारी संस्थेकडे आला. त्यांनी भविष्य निर्वाह निधीतून पैसा उभा केला, पगार कमी करून घेतला आणि १९८९ साली यंत्रे फिरवली. पुढे तो पुन्हा अडचणीत आला, हेही सांगितले पाहिजे. पण अडाण्यांना कारखाना कसा चालवता येईल, हे म्हणणाऱ्यांची तोंडे बंद झाली.

घटनेत १९७६ साली कलम ४३-क घातले गेले: कामगारांना व्यवस्थापनात सहभाग द्यावा. १९९० साली विधेयक राज्यसभेत आले, त्याचा कायदा झाला नाही. त्याच १९७६ साली पश्चिम जर्मनीने २००० हून अधिक कामगारांच्या कंपन्यांत देखरेख मंडळाच्या निम्म्या जागा कामगारांना दिल्या. मात्र मते समसमान पडली तर अध्यक्षाला दुसरे मत, आणि अध्यक्ष बहुधा भागधारकांचा. पाटीलकी तिथेही आहे!

आपण एकाधिकार खरेदीत काय पाहिले? कापूस आपला, प्रत ठरवणार ग्रेडर, चुकारा कधी ते मुंबईत ठरणार. सूतगिरणीचे भागधारक आपण, पण आमसभेत हात वर करायचा आणि चहा पिऊन घरी यायचे.

आता शेतकऱ्यांच्या उत्पादक कंपन्या निघाल्या, काहींनी जिनिंग घातले. इथे मालक आपण. मग जिनवरच्या बायांना, हमालांना आपण काय विचारतो? क्विंटलभर कापसातून साधारण ३३-३४ किलो रुई निघते. ती कमी का पडली, कुठल्या गाडीतला कापूस ओला होता, सरकीबरोबर रुई का जाते, हे संचालकाच्या आधी त्यांना दिसते.

म्हणून आम्ही ठराव मांडतो: आपल्या जिनिंगच्या मासिक बैठकीत कामगारांनी निवडलेले दोघे बसावेत. हिशेबाची वही त्यांना दाखवावी. पाळी बंद करायची किंवा यंत्र विकायचे, तर आधी त्यांना विचारावे. उद्या ते मजुरी वाढवून मागतील, असे म्हणाल. मागतील. आपण भाव मागत नाही काय?

जेवणानंतर ठराव चर्चेला घेऊ. ज्यांचा विरोध आहे त्यांनी आधी बोलावे.