तुंबलेला संडास



वर्धापनदिनाला पाककृती सांगायची सोडून ही बाई संडासाचे काय घेऊन बसली, असे कुणाला वाटेल. पण संडास तुंबला की घरची माणसे आपल्याला हाक मारतात आणि आपण सफाईच्या माणसाला. त्या माणसासाठीच हे चार शब्द.

भांडे तुंबले की टाकीचे पाणी पुन्हा सोडू नये. घाण वर येते. हातात रबरी मोजे घालावेत. भांडी घासायचा पातळ साबण अर्धी वाटी ओतावा. वर हाताला सोसेल इतपतच गरम पाणी बेताने सोडावे. उकळत्या पाण्याने चिनीमातीचे भांडे तडकते. अर्धा तास थांबावे. साबणाने अडकलेले बुळबुळीत होऊन पुष्कळदा आपसूक सरकते.

नाही सरकले तर दांड्याचा रबरी पंप घ्यावा. तो नसेल तर जुन्या पोछ्याच्या गोंड्यावर प्लास्टिकची पिशवी घट्ट बांधावी. तो पाण्यात पुरता बुडवून वीसपंचवीस वेळा खालीवर करावा. ढकलण्याइतकेच मागे खेचणेही महत्त्वाचे. सोडा आणि व्हिनेगरचा फेस दिसतो मोठा, पण चिंधीचा बोळा त्याने हलत नाही.

एक मात्र कधीही करू नका. अ‍ॅसिड आणि ब्लीचिंग पावडर एकत्र टाकू नका. त्यातून क्लोरीन हा विषारी वायू निघतो आणि जिवावर बेतते. नुसते अ‍ॅसिड ओतून मग माणूस बोलावला, तर ते त्याच्या डोळ्यांत उडते.

पाळीचे पॅड, बाळाचे डायपर, चिंध्या, केस संडासात टाकू नयेत. पॅड पाणी पिऊन फुगते आणि खालच्या वळणात बसते. ते कागदात गुंडाळून वेगळे द्यावे.

सगळ्या घरांचे संडास एकदम तुंबले, तर दोष बाहेरच्या चेंबरमध्ये किंवा टाकीत असतो. तिथे आपले उपाय संपतात. अशा वेळी "शंभर रुपये जास्त घे, पण उतर" असे कुणी म्हणू नये. टाकीतल्या वायूने माणूस क्षणात बेशुद्ध पडतो आणि त्याला काढायला उतरलेलाही दगावतो. संरक्षक साधनांशिवाय माणूस उतरवणे २०१३ च्या कायद्याने गुन्हा आहे. मैला उपसणारी गाडीच बोलवावी. गाडी उद्या येणार असेल, तर एक दिवस शेजारी जावे.

आपली घाण काढताना कुणाच्या घरची चूल विझू नये, एवढेच माझे मागणे.