किती वेळ टिकलीस?

श्रोतेहो, मला विषय दिला आहे महिला खो-खोच्या विजयी वर्षाचा, आणि वेळ दहा मिनिटं. विजयाचं बरंचसं तुम्हाला ठाऊक आहे. म्हणून ते पटकन सांगून टाकते आणि माझ्या नेहमीच्या तक्रारीकडे वळते. पालघर-बोईसरच्या मैदानांवर ज्यांनी मला ऐकलंय त्यांना ती तोंडपाठ असेल. त्यांनी तेवढ्यात चहा टाकून घ्यावा.

जानेवारी २०२५ मध्ये दिल्लीला, इंदिरा गांधी स्टेडियममध्ये, खो-खोचा पहिला विश्वचषक झाला. महिलांचे १९ संघ आले होते. आपली कर्णधार पुण्याची प्रियांका इंगळे. धाराशिवची अश्विनी शिंदेही संघात होती. पहिल्याच सामन्यात दक्षिण कोरियाला आपण १७५-१८ असं हरवलं. पुढे इराण, मलेशिया. उपांत्यपूर्व फेरीत बांगलादेश, १०९-१६. उपांत्य फेरीत दक्षिण आफ्रिका, ६६-१६. आणि १९ तारखेला अंतिम सामन्यात नेपाळ, ७८-४०. लगेच पुढच्या महिन्यात उत्तराखंडच्या राष्ट्रीय क्रीडा स्पर्धेत महाराष्ट्राच्या मुलींनी खो-खोचं सुवर्णपदक आणलं. महिलांची पहिली राष्ट्रीय स्पर्धा १९६०-६१ साली आपल्या कोल्हापुरात भरली होती, त्यामुळे हा खेळ मुलींना काल-परवा मिळालेला नाही. असो. झालं विजयाचं.

आता माझं म्हणणं ऐका. हा ७८-४० चा आकडा तुम्ही कसा वाचता? बहुतेकजण म्हणतात, आपल्या मुलींनी नेपाळचे धडाधड गडी बाद केले. खरं आहे. पहिल्या पाळीत सात मिनिटांत ३४ गुण, तिसऱ्या पाळीत आणखी ३८. झाले ७२. मग ७८ कुठून आले? वरचे सहा गुण पळून मिळाले. नियम असा होता की पळणाऱ्या तिघींची एक तुकडी तीन मिनिटं सगळी बाद न होता टिकली की एक गुण, आणि त्यापुढे दर अर्ध्या मिनिटाला आणखी एक. 'ड्रीम रन' म्हणतात त्याला. दुसऱ्या पाळीत आपल्याला असा एक गुण मिळाला. आणि चौथ्या पाळीत चैत्रा बी. हिच्या तुकडीने ५ मिनिटं १४ सेकंद खेळून काढली, त्याचे पाच.

आता तुम्ही म्हणाल, बाई, ७८ मधले सहाच ना? तेरावा हिस्सा. त्याचं काय एवढं कौतुक?

इथेच चुकतं, श्रोतेहो. संरक्षण, म्हणजे हे पळणं, ७८ मध्ये शोधू नका, ४० मध्ये शोधा. नेपाळला पाठलागाला मिळाली दोन पाळ्यांची मिळून १४ मिनिटं. त्यातली निदान तीन आपल्या एका तुकडीने खाल्ली आणि सव्वापाच चैत्राच्या तुकडीने. म्हणजे आठ मिनिटांहून जास्त वेळ दोनच तुकड्यांमागे धावण्यात गेला. नेपाळच्या मुली काही कमी नव्हत्या. त्या सामन्यातली सर्वोत्तम संरक्षक ठरली ती त्यांचीच, मनमती धानी. पण वेळच उरला नाही, तर गुण आणायचे कुठून? दिल्लीत हे दिसलं. सामन्यातली सर्वोत्तम खेळाडू म्हणून चैत्राची निवड झाली. म्हैसूर जिल्ह्यातल्या कुरुबूरची ही मुलगी. दिल्लीत दिसतं ते आपल्या तालुक्याच्या मैदानावर का दिसत नाही, एवढंच मला विचारायचं आहे.

बोईसरच्या बायांना हे एका दमात कळेल. औद्योगिक वसाहतीत नवरा कामाला असतो. पगार झाला की सगळ्या घराला कळतं, अमुक इतका आला. शेजारणीलाही कळतं. पण तोच पगार पुढच्या पगारापर्यंत कोणी पुरवला, हे कोणी विचारतं का? तेल बेताने ओतलं, डाळीत पाणी वाढवलं, पाहुणे आले त्या दिवशी शेजारून वाटीभर साखर आणली आणि चार दिवसांनी परत केली. याचा हिशेब कुठे लागत नाही. खो-खोतला पाठलाग म्हणजे पगार, आणि संरक्षण म्हणजे पुरवणं. तुकडीत पळणाऱ्या तिघी असतात. त्या झाल्या तेल, डाळ आणि साखर. पहिल्याच आठवड्यात तेल संपलं की भाजी डाळीवर काढावी लागते. तशी एक मुलगी लवकर बाद झाली की उरलेल्या दोघींवर सगळा भार येतो आणि त्याही दमतात. जाणती गृहिणी तिन्ही डबे मिळून महिना काढते. जाणती तुकडीही तशीच पळते. एकीच्या मागे पाठलाग करणारी लागली की बाकीच्या दोघी दम खातात, मग दुसरी मुद्दाम पुढे येऊन पाठलाग आपल्यावर ओढून घेते. उपमा जरा ताणली मी, साखरेला पळायला लावलं. पण मुद्दा लक्षात राहील.

गेल्या पावसाळ्यातली गोष्ट. शालेय स्पर्धा आपल्याकडे भातलावणी आटोपली की सुरू होतात, त्यामुळे मैदान म्हणजे अर्धा चिखलच. फक्कीच्या रेषा सकाळी मारल्या तरी दहा वाजेपर्यंत पुसट होतात. एका आश्रमशाळेची मुलगी पळत होती. अंगाने किरकोळ, अनवाणी, वेणी कमरेला खोचलेली. समोरची पाठलाग करणारी उंच, लांब ढांगांची. हिने वेग वाढवलाच नाही. बसलेल्या दोघींमधून सरळ निघायची, पुढच्या फटीतून परत इकडे. उंच मुलीला वळता येत नाही, मध्यपाटी ओलांडता येत नाही, ती खो देणार. खो दिला की ही पुन्हा उलट फिरणार. मी मनगटावरच्या घड्याळाकडे बघत होते. सव्वादोन मिनिटं! चिखलात! शेवटी खांबाजवळ पाय घसरला आणि ती सापडली. माइकवरचे गुरुजी ओरडले, "आणखी एक गडी बाद!" आणि बाद करणारीचं नाव घेतलं. टाळ्या पडल्या. सव्वादोन मिनिटांचा उल्लेख कुठेच नाही. ती मुलगी पाय पुसत खाली बसली आणि मैत्रिणीला म्हणाली, "माझ्यामुळे गुण गेला." तिच्यामुळे संघ वाचला होता हे तिला कोणी सांगितलंच नाही. मी सांगितलं, पण माइकवरून सांगणं वेगळं आणि मी सांगणं वेगळं.

गुणपत्रिकेत तो वेळ असतो बरं का. गुणलेखक इमानेइतबारे टिपतात. मराठी वर्तमानपत्रांतही खो-खोच्या बातमीत कंसात मिनिटं छापायची जुनी रीत आहे, अमुक मिनिटं संरक्षण आणि अमुक गडी. म्हणजे वेळ मोजला जातोच. फक्त बोलला जात नाही. बक्षीस समारंभात तर नाहीच. मोठा चषक, सर्वोत्तम आक्रमक, मग पाहुण्यांचं भाषण. संरक्षकाचं बक्षीस असलंच तर पाहुणे गाडीत बसायला निघाल्यावर.

जगात सगळीकडे असं नाही. माझी भाची अमेरिकेत मॅडिसनला असते. तिथल्या विस्कॉन्सिन विद्यापीठाच्या मुलींचा आइस हॉकीचा संघ फार नावाजलेला. मार्च २०२५ मध्ये त्यांनी ओहायो स्टेटला जादा वेळेत ४-३ असं हरवून आठव्यांदा राष्ट्रीय विजेतेपद मिळवलं. नियमित वेळ संपायला १८.९ सेकंद उरले असताना बरोबरीचा गोल झाला. भाचीने चित्रफीत पाठवली आणि मी सगळा सामना बघितला. बर्फाचं मला काही कळत नाही, आपल्याकडे बर्फ म्हणजे सातपाटीला मासळीवर घालतात तो. पण त्या खेळातली एक गोष्ट मनात बसली. एखादीने चूक केली की तिला बहुधा दोन मिनिटं बाहेर बसवतात आणि तिचा संघ एक खेळाडू कमी घेऊन खेळतो. त्या दोन मिनिटांत गोल करायचा नसतो, फक्त टिकायचं असतं. टिकले की अख्खं प्रेक्षागृह टाळ्या वाजवतं! गोल झाल्यासारख्या. आणि वर्षभरात असे किती वेळा टिकले याची टक्केवारी काढतात, छापतात, तिच्यावर वाद घालतात. आपल्या भारताच्या मुलींनीही त्याच वर्षी अल-ऐनच्या आशिया चषकात आइस हॉकीचं कांस्यपदक मिळवलं, बहुतेक सगळ्या लडाखच्या. त्यांच्याबद्दल बोलायला हवं होतं खरं तर, पण वेळ...

मुद्दा परत सांगते, कारण मध्येच कोणाच्या दारात दूधवाला आला असेल. संरक्षणाची मिनिटं माइकवरून सांगा. 'गडी बाद' म्हणताना कोण बाद झालं आणि ती किती वेळ टिकली होती, हे दोन्ही म्हणा. याला खर्च शून्य. मॅट हवी, ती महाग आहे, मातीवर खेळून मॅटवर निवड चाचणीला गेलेल्या मुलीचे पाय कसे अडखळतात, हे सगळं मला ठाऊक आहे. तो वेगळा विषय, आणि मोठा. पण माइक तर तुमच्या हातातच आहे ना?

आणि आयांनो, बाबांनो, तुम्हालाही सांगते. मुलगी सामन्यावरून घरी आली की तुम्ही विचारता, "किती बाद केलेस?" ती म्हणते, एक. किंवा एकही नाही. मग तुमचं तोंड पडतं. अकरावी-बारावीला गेली की तुम्हीच म्हणता, खेळात काही नाव काढत नाही, राहू दे आता, क्लासला जा. कॉलेजच्या संघासाठी मुली गोळा करताना मी हे किती घरांतून ऐकलं! आंतरमहाविद्यालयीन सामन्यांसाठी पहाटेच्या लोकलने मुलींना न्यायचं, आणि नेमक्या उत्तम पळणाऱ्याच गळालेल्या. पाठलाग करणाऱ्या टिकतात, त्यांचं नाव झालेलं असतं. पळणाऱ्या जातात. आपल्या पलीकडे नाशिक जिल्ह्यात, सुरगाण्याच्या अलंगुणमधून आदिवासी मुली महाराष्ट्राच्या संघात गेल्या. आपल्या जव्हार, डहाणूच्या आश्रमशाळांतल्या मुलींचे पाय काय वेगळे आहेत? डोंगर उतरताना त्या ज्या सहज वळतात, ते मी कोणाला शिकवू शकत नाही. त्यांना फक्त कोणीतरी विचारायला हवं, किती वेळ टिकलीस? एवढंच विचारा. उत्तर सेकंदात आलं तरी चालेल.

स्टुडिओच्या काचेपलीकडून ताई दोन बोटं दाखवताहेत. दोन मिनिटं उरली वाटतं. मग मैदानावरचं थोडं सांगते, शाळेतल्या शिक्षकांसाठी.

संरक्षणाचा सराव म्हणजे मुलींना नुसत्या फेऱ्या मारायला लावणं नव्हे. फेऱ्यांनी दम वाढतो, पण दम असलेली मुलगीही पंधरा सेकंदांत सापडते, कारण ती हाताकडे बघते. पाठलाग करणारी हाताने हुलकावणी देते. खरं वळण आधी खांद्यात आणि कमरेत येतं, तिथे नजर हवी. सरावात पाठलाग करणारीला हात पाठीमागे बांधून धावायला सांगा आणि पळणारीला तिच्या खांद्यावरून ओळखू द्या, ती कुठे जाणार ते. आठवडाभरात फरक दिसतो.

दुसरं, साखळी. एकेक बसलेली सोडून नागमोडी जाताना मुली अगदी अंग घासून जातात. त्यात लगेच उठणारीचा हात लागतो. हातभर अंतर ठेवायला सांगा, आणि रोज घड्याळ लावा. आज वीस सेकंद, उद्या बावीस. वहीत लिहून ठेवा. ज्या मुलीचं नाव वहीत वाढत्या सेकंदांनी लिहिलं जातं, ती मुलगी दुसऱ्या दिवशी येते, हा माझा अनुभव आहे.

तिसरं, खांब. आपल्याकडच्या निम्म्या मुली खांबाजवळ बाद होतात, कारण तिथे त्या दोन चुका करतात. पहिली, खांबाच्या फार जवळ उभ्या राहतात. समोरची सूर मारून पलीकडून हात घालते आणि हिला तो दिसतच नाही. दोन पावलं दूर, आणि चवड्यावर. टाच टेकली की संपलं. दुसरी चूक याहून महागात पडते. खांबावरून सुटल्यावर मुली सगळ्याच एका बाजूला... बरं, ताईंनी हात वर केला. राहिलं ते. शनिवारी सकाळी मी मैदानावर असते, या, दाखवते. येताना घड्याळ आणा, माझं पावसात भिजून बंद पडलंय.