टक्के, श्रेणी आणि पॉइंट
(स्नेहमेळाव्यात केलेल्या भाषणाचा मजकूर)



समितीने मला दिलेला विषय होता 'परदेशातील शिक्षण'. एवढा मोठा विषय दहा मिनिटांत उरकणे मला जमणार नाही. पण आपल्या ग्रुपवर गेल्या दोन-तीन वर्षांत एकच प्रश्न मला पुन्हा पुन्हा विचारला गेला आहे, "तुमच्याकडे कॉलेजला किती टक्के लागतात गं?" तेव्हा आज त्याचेच उत्तर देते. आमच्याकडे टक्के लागत नाहीत, पॉइंट लागतात. हे पॉइंट कसे होतात ते आधी सांगते आणि मग त्यातून मला काय वाटले ते.

मी गेली एकोणीस वर्षे आयर्लंडमध्ये, लिमरिकला राहते. तिथे शाळा संपताना जी परीक्षा असते तिचे नाव लिव्हिंग सर्टिफिकेट. हसू नका! आपल्याकडे लिव्हिंग सर्टिफिकेट म्हणजे ऑफिसातल्या क्लार्ककाकांकडे दहा खेपा घालून मिळवायचा शाळा सोडल्याचा दाखला. तिथे ती अख्खी बारावीची परीक्षा आहे. मुले साधारण सात विषय घेतात. जूनमध्ये परीक्षा, ऑगस्टमध्ये निकाल आणि निकालानंतर थोड्याच दिवसांत कॉलेजची ऑफर. देशभरातले बहुतेक पदवी प्रवेश सीएओ नावाच्या एकाच मध्यवर्ती कार्यालयातून होतात. हे कार्यालय गॉलवे शहरात आहे.

आता हिशेब. जवळजवळ प्रत्येक विषय दोन स्तरांवर घेता येतो. हायर म्हणजे वरचा स्तर आणि ऑर्डिनरी म्हणजे साधा. पेपर वेगळे, काठिण्य वेगळे. निकालात मार्क नव्हे, श्रेणी येते. वरच्या स्तरावर नव्वद टक्के आणि त्यापुढे एच१, ऐंशीच्या पुढे एच२, असे दहा-दहाने उतरत तिसाच्या खाली एच८. साध्या स्तरावर तसेच ओ१ ते ओ८. मग या श्रेणींचे पॉइंट होतात. एच१ला १००, एच२ला ८८, मग ७७, ६६, ५६, ४६, एच७ला ३७ आणि एच८ला शून्य. साध्या स्तरावर ओ१ला ५६, मग ४६, ३७, २८, २०, ओ६ला १२ आणि त्याखाली शून्य. उत्तम सहा विषयांचे पॉइंट घ्यायचे आणि बेरीज करायची. शिवाय वरच्या स्तराच्या गणितात एच६ किंवा त्याहून चांगली श्रेणी असेल, तर २५ पॉइंट जास्तीचे. म्हणून कमाल बेरीज ६२५.

आपल्या गणिताच्या बाई समोर बसल्या आहेत. त्यांनी इथे लगेच विचारले असते, "८८ का? ९० का नाही?" बाई, त्याला कारण आहे. २०१७च्या आधी तिथे एका स्तरावर चौदा श्रेणी होत्या, बहुतेक पाच-पाच टक्क्यांच्या. दोन मार्कांनी श्रेणी हुकली की पॉइंट गेले, म्हणून मुले एकेका मार्कामागे धावायची. तो ताण कमी करायला श्रेणी आठ केल्या. पण श्रेणी कमी झाल्या की बेरजा सारख्या येणाऱ्या मुलांची संख्या वाढते. मग शेवटच्या जागेसाठी कुणाला घ्यायचे? म्हणून सरळ शंभर, नव्वद, ऐंशी न ठेवता असे अडनिडे आकडे ठेवले, म्हणजे बेरजा जरा विखुरतात. एवढे करूनही बरोबरी झालीच, तर संगणकाने प्रत्येक अर्जाला आधीच दिलेल्या सोडतीच्या क्रमांकावर निकाल लागतो. २०२१ साली काही मोजक्या अभ्यासक्रमांना पैकीच्या पैकी ६२५ मिळवलेल्या मुलांमध्येही अशी सोडत झाली. म्हणजे ज्याला याहून जास्त मिळवणे शक्यच नव्हते, असा मुलगाही चिठ्ठीत बाहेर राहिला.

हे सगळे सांगण्याचे कारण असे की, या तक्त्यातला प्रत्येक आकडा कुणीतरी विचार करून तिथे बसवलेला आहे. तो निसर्गनियम नाही. एच७ म्हणजे तीस ते चाळीस टक्के. पूर्वी वरच्या स्तरावर चाळीसच्या खाली गेले की शून्य मिळायचे. आता ३७ मिळतात, कारण मुलांनी घाबरून वरचा स्तर सोडू नये असे धोरण ठरले. गणिताचे २५ पॉइंट २०१२पासून आहेत, कारण वरच्या स्तराचे गणित घेणारी मुले फार कमी होती. ती संख्या नंतर वाढली. म्हणजे तक्ता नुसता मोजत नाही, तो मुलांना एका दिशेने ढकलतोही.

आपल्याला हे नवीन आहे का? आठवीत आपल्यापैकी निम्म्या वर्गाने संपूर्ण संस्कृत घेतले, ते काय कालिदास वाचायचा म्हणून? "स्कोअरिंग आहे" म्हणून! चित्रकलेची इंटरमिजिएट परीक्षा दिली की दहावीला वाढीव गुण मिळतात, हे कळल्यावर कितीतरी घरांत अचानक चित्रकार जन्माला आले. आणि २०१०मध्ये आपल्याकडे दहावीला 'बेस्ट ऑफ फाइव्ह' आले, तेव्हा तर प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. पाच विषय धरायचे की सहा, यावर देशातले सर्वांत मोठे न्यायालय बसते, कारण त्या एका आकड्यावर कुणाचे तरी अकरावीचे कॉलेज ठरत असते.

आता घरातली गोष्ट. माझी मुलगी शेवटच्या वर्षात होती. वरच्या स्तराचे गणित तिला जड जात होते. सराव परीक्षेत ती चाळीसच्या काठावर होती. तिला नर्सिंगला जायचे होते आणि त्यासाठी साध्या स्तराचे गणित चालत होते. तिला गणिताचा स्तर बदलायचा होता. तिच्या बाबांचे म्हणणे, "पंचवीस पॉइंट कशाला सोडतेस? आणि उद्या इंजिनिअरिंगला जावेसे वाटले तर दार बंद होईल." त्यांचे म्हणणे अगदीच चूक नव्हते. इंजिनिअरिंगच्या बहुतेक पदव्यांना वरच्या स्तराचे गणित लागतेच, तिथे नुसती बेरीज चालत नाही. घरात आठवडाभर जेवताना हाच विषय. शेवटी मी कागद घेतला. तिचे आकडे बदलून सांगते, पण हिशेब तोच.

समजा एका मुलीला गृहशास्त्रात एच१, जीवशास्त्र आणि भूगोलात एच२, इंग्रजीत एच३, फ्रेंचमध्ये एच४ आणि आयरिश भाषेत ओ२ आहे. म्हणजे १००, ८८, ८८, ७७, ६६ आणि ४६. सातवा विषय गणित. वरच्या स्तरावर चाळीस टक्के मिळाले तर ४६ अधिक २५, म्हणजे ७१. आयरिश गळते आणि बेरीज होते ४९०. साध्या स्तरावर नव्वदच्या वर मिळाले तरी ओ१चे ५६च, बेरीज ४७५. बाबा खूश. पण वरच्या स्तरावर चाळीसऐवजी एकोणचाळीस झाले तर? गणिताचे राहतात ३७, वरचे २५ जातात, गणित गळून आयरिश आत येते आणि बेरीज ४६५. एका टक्क्याने पंचवीस पॉइंट! आणि चौथी शक्यता कुणी मांडलीच नव्हती. जड गणिताला रोज जाणारे दोन तास इंग्रजी आणि फ्रेंचला दिले आणि दोन्हींत एकेक श्रेणी वाढली, तर साध्या गणितासकट बेरीज ४९७. सगळ्यांत जास्त.

कागद बघून बाबा गप्प झाले. पण मुलगी जे म्हणाली ते मला जास्त लक्षात राहिले. ती म्हणाली, "आई, ४९७ येतील म्हणून नाही. मला रोज रात्री आपण ढ आहोत असं वाटतंय, ते थांबवायचंय." मी तिच्याकडे बघतच राहिले. कागदावर त्या वाक्यासाठी रकानाच नव्हता. तिने साधे गणित घेतले.

दुसरी एक गोष्ट सांगते, कारण तुमच्यापैकी कुणाची मुले, भाचे, पुतणे कुठेही अर्ज करोत, ती उपयोगी पडेल. कट-ऑफ म्हणजे अभ्यासक्रमाची पातळी नव्हे. तिथे कट-ऑफ आधी कुणी ठरवत नाही. जागा ठरलेल्या असतात, अर्ज पॉइंटांच्या क्रमाने लावले जातात आणि शेवटची जागा ज्याला मिळाली त्याचे पॉइंट म्हणजे त्या वर्षीचा कट-ऑफ. वीस जागा असलेल्या अभ्यासक्रमाचा कट-ऑफ उंच असतो आणि दोनशे जागा असलेल्याचा खाली येतो, तेवढ्याने पहिला अवघड आणि दुसरा सोपा ठरत नाही. वर्षही महत्त्वाचे. २०२०मध्ये कोविडमुळे नेहमीची लेखी परीक्षा झाली नाही, शिक्षकांच्या अंदाजावर श्रेणी दिल्या गेल्या आणि निकाल एकदम फुगले. पुढची काही वर्षे ते तसेच वर ठेवले गेले. म्हणून आधीच्या आणि नंतरच्या बॅचचे पॉइंट समोरासमोर ठेवण्यात अर्थ नाही. आपल्या वेळच्या शंभर रुपयांची आणि आजच्या शंभर रुपयांची तुलना करावी तसे ते होईल.

तिथल्या अर्जात पदवीचे दहा अभ्यासक्रम पसंतीक्रमाने लिहायचे असतात. यादीत वरचे जे पॉइंटांत बसेल ते मिळते. चौथ्या पसंतीचा अभ्यासक्रम मिळण्यासारखा असेल, तर तो चौथा लिहिला काय किंवा पहिला लिहिला काय, त्याच्यासाठी रांगेतली तुमची जागा तीच राहते. म्हणून डावपेच न करता मनापासून जे हवे ते पहिले लिहावे, एवढाच शहाणपणा. पण नेमके तेच घडत नाही. तिथल्या आयाही आपल्यासारख्याच. ज्याला ४०० पुरतात अशा अभ्यासक्रमाला ५५०वाली मुलगी निघाली की म्हणतात, "पॉइंट वाया घालवू नकोस!" हे वाक्य मी पहिल्यांदा ऐकले, तेव्हा मला एकदम आपली गल्ली आठवली. "पंच्याण्णव टक्के मिळवून आर्ट्सला? मार्क फुकट घालवणार?" देश बदलला, भाषा बदलली, काळजी तीच. जणू पॉइंट म्हणजे कुपन आहेत आणि पूर्ण वापरली नाहीत तर दुकानदार सुटे परत देणार नाही!

मित्रमैत्रिणींनो, पॉइंट म्हणजे रांगेतला नंबर. रांग हवीच. जागा दोनशे आणि अर्ज दोन हजार असतील, तर कुठल्या तरी उघड, सगळ्यांना सारख्या नियमाने निवड झाली पाहिजे. ओळखीने आणि देणगीने होण्यापेक्षा तक्त्याने झालेली निवड कधीही बरी, आणि हे मी मनापासून म्हणते. म्हणून तक्ता नीट वाचा. मूल विषय निवडत असतानाच वाचा, निकालाच्या दिवशी नव्हे. कुठला विषय गळतो, कुठला अनिवार्य आहे, कुठल्या स्तरावर काय मिळते, हे सगळे घरात एकत्र बसून बघा. पण तिकीट काढून झाले की रांगेतला नंबर कुणी कपाळावर लावून फिरत नाही.

आपण मात्र फिरलो. या सभागृहात कितीतरी जण आहेत, ज्यांना स्वतःचे दहावीचे टक्के आजही दशांश चिन्हासकट पाठ आहेत. सकाळी चहाच्या वेळी दोघांनी मला त्यांचे सांगितले, मी विचारलेही नव्हते. एकाने ते अभिमानाने सांगितले आणि एकाने मान खाली घालून. इतकी वर्षे झाली. दोघेही आजोबा व्हायच्या वयाचे आहेत. त्या दुसऱ्या मित्राला मला एवढेच सांगायचे आहे की, बाबा रे, तो नंबर त्या वर्षीच्या त्या रांगेचा होता. ती रांग केव्हाच पांगली.

माझ्या मुलीला दुसऱ्या पसंतीचे कॉलेज मिळाले, दुसऱ्या गावात. सध्या तिची वॉर्डातली शिकाऊ ड्यूटी चालू आहे. भल्या पहाटे उठून जाते आणि संध्याकाळी फोनवर आज कुठल्या आजींनी तिच्या हातून सूप प्यायले ते सांगते. तिला किती पॉइंट मिळाले, हे तुमच्यातल्या बऱ्याच जणांच्या ओठावर आलेले मला इथून दिसते आहे. ते सांगू नकोस, असे तिने मला बजावून पाठवले आहे, आणि मला ते पटले आहे.

 आणि जेवताना मला भेटा. ज्यांच्या घरी यंदा बारावी आहे, त्यांनी कागद-पेन्सिल घेऊन या. हिशेब आपण मिळून करू.