नाव सहकाऱ्यांचे



वाद्यवृंदाला पुढाऱ्याचे नाव देण्याची रीत संगीताच्या बाजारात जुनी आहे. नाव खपते, म्हणून ते पाटीवर येते. १९६७ साली लंडनमध्ये वीस वर्षांच्या एका गिटारवादकाने ही रीत मोडली. त्याचे नाव पीटर ग्रीन. ड्रम वाजविणारा मिक फ्लीटवुड आणि बास गिटार वाजविणारा जॉन मॅकव्ही यांची नावे जोडून त्याने आपल्या वृंदाला 'फ्लीटवुड मॅक' हे नाव दिले. मॅकव्ही तर तेव्हा वृंदात दाखलही झाला नव्हता!

पूर्व लंडनच्या बेथनल ग्रीन भागातील एका ज्यू कुटुंबात १९४६ साली पीटरचा जन्म झाला. काही काळ त्याने खाटिकाच्या दुकानात उमेदवारी केली. १९६६ साली जॉन मेयॉलच्या वृंदात एरिक क्लॅप्टनची जागा त्याला मिळाली. वेगाच्या स्पर्धेत तो उतरला नाही. एक सूर लावून तो पुरता उमटू द्यावा, ही त्याची पद्धत होती. १९६९च्या प्रारंभी 'अल्बट्रॉस' ही त्याची शब्दांवाचूनची रचना ब्रिटनमध्ये खपात पहिली आली. त्याच वर्षीच्या 'देन प्ले ऑन' या ध्वनिमुद्रिकेत त्याने जवळजवळ निम्मी जागा आपल्याहून लहान असलेल्या डॅनी कर्वनला दिली.

त्याचा सूर मुळात ब्लूजचा होता. अमेरिकेच्या दक्षिणेत कापसाच्या शेतांवर राबणाऱ्या काळ्या माणसांचे हे गाणे पोट भरण्यासाठी निघालेल्या लोकांबरोबर शिकागोला पोहोचले. पुढे त्यावर इंग्रज तरुण श्रीमंत झाले. पीटरने निदान ते ऋण ओळखले. जानेवारी १९६९ मध्ये शिकागोच्या चेस स्टुडिओत विली डिक्सन, ओटिस स्पॅन यांच्यासमवेत त्याच्या वृंदाने ध्वनिमुद्रण केले. नंतर स्पॅनच्या स्वतंत्र ध्वनिमुद्रिकेसाठी साथही केली.

पैसा वाढला तशी त्याची अस्वस्थता वाढली. गरजेपुरते ठेवून उरलेले दान करावे, असा प्रस्ताव त्याने सहकाऱ्यांपुढे मांडला. तो त्यांना मानवला नाही. मे १९७० मध्ये त्याने वृंद सोडला.

येथवर सांगून त्याला संत ठरविणे सोपे आहे. परंतु ते सत्याला धरून होणार नाही. एल.एस.डी.सारखी मादक द्रव्ये त्याने घेतली होती. पुढे त्याला स्किझोफ्रेनियाने ग्रासले, विजेच्या धक्क्यांचे उपचार झाले. कबरी खणण्याचे, इस्पितळात हमालीचे कामही त्याने केले. १९७७ साली हिशेबनिसाला धमकावल्यावरून त्याला अटक झाली आणि मनोरुग्णालयात ठेवण्यात आले. त्याच वर्षी, त्याने नाव दिलेल्या वृंदाची 'रूमर्स' ही ध्वनिमुद्रिका निघाली. जगभरात तिच्या चार कोटींवर प्रती खपल्या.

पीटरचा आजार आणि त्याचे म्हणणे यांची गल्लत मात्र करता कामा नये. कलेतून आलेल्या पैशावर हक्क कोणाचा, हा त्याचा प्रश्न शहाण्या माणसाचा होता. तो विचारणारा आजारी पडला, म्हणून प्रश्न निकालात निघत नाही. आणि एकट्याच्या त्यागाने तो सुटतही नाही. त्यासाठी सर्वांना मान्य होईल अशी व्यवस्था लागते. ती त्याला उभारता आली नाही.

१९७९ साली तो पुन्हा वाजवू लागला. नव्वदीच्या दशकात 'स्प्लिंटर ग्रुप' घेऊन तो पुन्हा श्रोत्यांसमोर आला. २५ जुलै २०२० रोजी, ७३व्या वर्षी तो गेला. वृंदाच्या पाटीवर त्याच्या सहकाऱ्यांचीच नावे राहिली, आणि ती त्यानेच लिहिली होती.