जन्मदात्या आईचा शोध



दत्तक गेलेलं मूल मोठं होतं आणि विचारतं,
माझी जन्मदाती आई कोण?

हे विचारण्याचा त्याला हक्क आहे.
२०२२ च्या दत्तक नियमांत तशी सोय आहे.

वयाची १८ वर्षं पूर्ण झाली, की ते स्वतः अर्ज करतं.
त्याआधी, दत्तक आईवडिलांसोबत.
यात मदत करते ‘कारा’,
म्हणजे केंद्र सरकारचं दत्तक प्राधिकरण.

आता अवघड भाग.
आईनं मूल स्वतः सोपवताना नाव गुप्त ठेवायला सांगितलं असेल,
तर तिची संमती लागते.
ती नाही म्हणाली, तर नाव मिळत नाही.
कठोर आहे, पण मला पटतं.
तिचाही संसार असतो.

मूल बेवारस सापडलेलं असेल,
तर ते दत्तक संस्थेत कसं आलं, एवढं कळू शकतं.

पुन्हा सांगते,
विचारण्याचा हक्क मुलाला आहे.

दत्तक पालकहो,
या शोधासाठी संस्थेची कागदपत्रं जपून ठेवा.