इनामगावचे प्रगतिपुस्तक



स्नेहसंमेलनात पारितोषिक वितरणाआधी संस्थेचा वार्षिक अहवाल वाचला जातो, आणि त्यात पटसंख्या, निकाल व नव्या खोल्या यांची जी चढती नोंद असते तिलाच प्रगती म्हणण्याची सवय सर्वांच्या अंगवळणी पडलेली आहे. शाळेच्या गुणपत्रकालाही मराठीत प्रगतिपुस्तकच म्हणतात, मग गुण गेल्या खेपेपेक्षा खाली घसरलेले का असेनात. वास्तविक प्रगती या शब्दाचा मूळ अर्थ पुढे जाणे एवढाच आहे. पुढे म्हणजे वर, हा अर्थ त्याला नंतर चिकटला आणि त्यात युरोपीय विचारवंतांचा वाटा मोठा आहे. मानवी बुद्धीच्या सुधारणेला सीमा नाही असे प्रतिपादन करणारा काँदोर्से हा फ्रेंच विचारवंत तो ग्रंथ लिहीत असताना क्रांतिकारकांच्याच अटकेच्या भीतीने लपून बसलेला होता, आणि 1795 मध्ये ग्रंथ प्रसिद्ध झाला तेव्हा तो हयात नव्हता. पुढे 1877 मध्ये लुइस हेन्री मॉर्गन या अमेरिकी अभ्यासकाने वन्य, रानटी आणि नागर अशा तीन पायऱ्या मांडल्या व सर्व मानवसमाज याच जिन्याने चढत आले असे सांगितले. गॉर्डन चाइल्ड या पुरातत्त्वज्ञाने 1936 मध्ये त्याच जिन्याला उत्खननाचा आधार दिला: शेती व पशुपालन यांचा आरंभ म्हणजे नवाश्मयुगीन क्रांती, आणि शहरे, लेखन व कारागीरवर्ग यांचा उदय म्हणजे नागरी क्रांती.

हा जिना महाराष्ट्राच्या मातीत कितपत टिकतो, हे पाहण्यासाठी फार दूर जाण्याची गरज नाही. पुणे जिल्ह्यातील शिरूर तालुक्यात घोड नदीच्या काठी इनामगाव आहे. तेथील पांढरीच्या टेकाडांवर, म्हणजे जुन्या वस्तीच्या राखमातीने बनलेल्या उंचवट्यांवर, पुण्याच्या डेक्कन कॉलेजने 1968 पासून 1983 पर्यंत उत्खनन केले; ह. धी. सांकलिया आणि म. के. ढवळीकर ही या कामाशी जोडलेली ठळक नावे होत. तेथे ताम्रपाषाणयुगीन वस्तीचे, म्हणजे दगडाची पाती मुख्यत्वे वापरणाऱ्या आणि तांबे मोजकेच हाताशी असलेल्या शेतकऱ्यांच्या गावाचे, इ. स. पूर्व सुमारे 1600 ते 700 असे नऊ शतकांचे थर मिळाले.

यांतला भरभराटीचा काळ पूर्व जोर्वे संस्कृतीचा, इ. स. पूर्व 1400 ते 1000 या दरम्यानचा. (संगमनेर तालुक्यातील जोर्वे येथे या संस्कृतीची भांडी प्रथम ओळखली गेली, म्हणून तिला त्या गावाचे नाव मिळाले.) चाकावर घडवलेली, लाल रंगावर काळी नक्षी काढलेली ही भांडी इतकी पक्की भाजलेली असत की टिचकी मारल्यास खणखणीत आवाज यावा, त्यांतले तोटीचे भांडे पाहणाऱ्याच्या लक्षात राहतेच. लोक चौकोनी, ऐसपैस घरांत राहत. कुडाच्या भिंती मातीने लिंपलेल्या, आत चूल, आणि धान्याच्या रांजणाखाली टेकू म्हणून मांडलेले चार सपाट दगड. मुख्य पीक जवाचे होते. नदीचे पाणी वळवण्यासाठी त्यांनी 200 मीटरहून लांब दगडमातीचा बांध घातला व पाट खोदला. एवढे काम एका कुटुंबाच्या आवाक्यातले नव्हे. कोणीतरी माणसे बोलावली असणार, कोणीतरी त्यांना धान्य मोजून दिले असणार.

तो कोणीतरी कोण, याचा धागा दफनांत सापडतो. वस्तीच्या मध्यभागी पाच खोल्यांचे एक मोठे घर होते आणि त्याला लागून धान्याचे कोठार होते. इनामगावात प्रौढ मृताला घराच्याच जमिनीखाली पुरत, आणि पुरण्यापूर्वी त्याचे पाय घोट्याखाली तोडत. मृताने परत चालत येऊ नये, ही त्यामागची भीती असावी असा अभ्यासकांचा तर्क आहे. मात्र त्या पाच खोल्यांच्या घराच्या अंगणात चार पायांचा मोठा मातीचा रांजण निघाला, त्यात मांडी घालून बसवलेला एक पुरुष होता आणि त्याचे पाय शाबूत होते. कोठार आणि पाट हे प्रगतीच्या रकान्यात मांडायचे असतील, तर ज्याला पाय तोडण्याच्या नियमातून सूट होती असा एक माणूसही त्याच रकान्यात मांडावा लागतो. चाइल्डच्या जिन्यावर ही दोन्ही चिन्हे एकाच पायरीची आहेत. तोडलेले पाय ज्यांचे, त्यांच्यासाठी मात्र तो हिशोब वेगळा असणार.

इ. स. पूर्व 1000 च्या सुमारास जोर्वे संस्कृतीची बहुतेक गावे ओस पडली. इनामगाव टिकले, पण वेगळे होऊन टिकले. उत्तर जोर्वे काळात चौकोनी घरांच्या जागी लहान गोल झोपड्या आल्या, भांडी ओबडधोबड झाली, शेतीचे मान घटले, आणि मेंढ्याशेळ्या व शिकार यांच्यावर निर्वाह अधिकाधिक अवलंबू लागला. ढवळीकरांनी याचे कारण कोरड्या होत गेलेल्या हवामानात शोधले. जमिनीचा कस जाईपर्यंत केलेली शेती अधिक कारणीभूत ठरली, असेही काही संशोधक मानतात. दुसऱ्या मताला वजन द्यावेसे वाटते, कारण कोरडे वर्ष दख्खनला नवे नाही आणि अवर्षणाच्या पट्ट्यातला शेतकरी पाऊस नसतानाची तजवीक पिढ्यान्‌पिढ्या करत आलेला आहे. शिवाय पाट असलेल्या गावाला त्या पाटाच्या भरवशावर जादा रान पिकाखाली आणण्याचा मोह सहज होतो.

मॉर्गनच्या मापाने पाहिले तर हे लोक जिना उतरले, आणि नगर व लिपी नसल्याने नागर पायरीवर तर ते कधी पोहोचलेच नव्हते. परंतु गोल झोपडीत राहणारे हे लोक आणखी सुमारे तीन शतके त्याच टेकाडावर नांदले. ज्याच्याकडे बांध घालण्याइतका दाणा उरलेला नाही अशा माणसाने शेळ्या राखणे, हलके घर बांधणे आणि चारापाण्याच्या मागे जाणे, यालाही एक विद्या लागते. अहवालात तिला रकाना नसतो एवढेच.

एक गोष्ट मात्र या साऱ्या चढउतारात बदलली नाही. लहान मूल दगावले की त्याला दोन मातीच्या घटांत, तोंडाला तोंड लावून, आडवे ठेवत आणि घरातच जमिनीखाली पुरत. चौकोनी घराच्या जमिनीखाली असे जोडघट सापडले, आणि तीनचारशे वर्षांनंतरच्या गोल झोपडीतही ते सापडले.